खुजे बांडगूळ, अमेरिकन

(लॅ. आर्स्यूथोबियम अमेरिकॅनम, कुल–सँटॅलेसी, चंदन कुल). उत्तर अमेरिकेतील सूचिपर्णी वृक्षांवर वाढणारी परजीवी वनस्पती. लॉजपोल पाइन व जॅक पाइन हे तिचे मुख्य आश्रय वृक्ष. पश्चिम व मध्य कॅनडापासून दक्षिणेस कॅलिफोर्निया व कोलोरॅडोपर्यंत ती आढळते. त्या खंडातील खुज्या बांडगुळांत तिचा प्रसार सर्वांत विस्तृत आहे.

वर्णन : आपल्याकडील आंब्यावरच्या बांडगुळाला रुंद हिरवी पाने असतात. या जातीची पाने केवळ खवल्यांसारखी, तर कोंब पिवळट हिरवे व बहुधा ५–१० सेंमी. लांब असतात. फांद्या पेऱ्यांवर मंडलाकार फुटतात. नर व मादी फुले बांडगुळाच्या वेगवेगळ्या रोपांवर येतात. वनस्पतीचा बराचसा भाग पाइनच्या सालीत व लाकडात पसरलेला असतो. तेथूनच ती पाणी, क्षार आणि बहुतांश अन्न शोषते.

बीजप्रसार : वसंतात फुले येतात व फळे पुढील वर्षी ऑगस्ट–सप्टेंबरात पिकतात. प्रत्येक फळात एकच बी असते. पिकलेल्या फळात पाण्याचा दाब वाढत जातो, फळ देठापासून सुटते आणि बी ताशी ८० किमी.हून अधिक वेगाने बाहेर फेकले जाते. स्फोटापूर्वी फळ स्वतः किंचित तापते, असे २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात आढळले. बहुतेक बिया १० मी.च्या आत पडतात. चिकट आवरणामुळे बी पाइनच्या सुईसारख्या पानाला डकवले जाते. पाऊस पडला की आवरण फुगून बुळबुळीत होते व बी घसरत डहाळीवर येते. वसंतात ते रुजते, पण नवे कोंब सालीबाहेर येण्यास काही वर्षे लागतात.

परिणाम व नियंत्रण : लागण झालेल्या ठिकाणी फांद्यांचे दाट झुपके बनतात. वाढ खुंटते, लाकडाचा दर्जा घटतो व जुनी लागण झाड मारतेही. लागण मोजताना पर्णसंभाराचे तीन भाग करून प्रत्येकाला ० ते २ गुण देतात. ६ गुण म्हणजे तीव्र लागण. परजीवी जिवंत झाडावरच जगत असल्याने बाधित झाडे तोडणे हा मुख्य उपाय आहे. भीषण वणव्यातही झाडासोबत ती नष्ट होते. लॉजपोल पाइनचे राळेने बंद असलेले शंकू मात्र त्याच उष्णतेने उघडतात व निरोगी रोपे उगवतात. म्हणूनच वणवे दीर्घकाळ रोखलेल्या जंगलांत हिचा फैलाव वाढतो. झुपक्यांत पक्षी व खारी घरटी करतात, त्यामुळे वन्यजीवांसाठी राखलेल्या क्षेत्रांत काही बाधित झाडे मुद्दाम ठेवली जातात.