माईक हातात येण्याआधी

पुढच्या महिन्यात अलिबागला जुन्या रूममेटचं लग्न आहे आणि रिसेप्शनला 'दोन शब्द' बोलायचं काम माझ्या गळ्यात पडलंय. हॉस्टेलचे किस्से पोतंभर आहेत हो, पण पहिल्या रांगेत नवरीची आजी असणार! म्हटलं, बघू तरी, आपल्याकडे लग्नात थट्टा कोण करायचं आणि कोणाची.

रायगडच्या किनाऱ्यावर आगरी लग्नात विधींच्या वेळी धवळे गाणारी धवलारीण असते. धवळे म्हणजे लग्नगीतं. शब्द फार जुना. १३व्या शतकात महदंबेने रिद्धपूरला धवळे रचले, ते महानुभावांच्या गोविंदप्रभूंना लग्नाची लहर आली म्हणून. लग्न लुटुपुटीचं! टिंगलीला एवढी आयती संधी, पण बाईंनी गायलं ते कृष्ण-रुक्मिणीचं लग्न.

खरी टोलेबाजी रुखवताच्या वेळी. एका बाजूने उखाण्यातून विहिणीला चिमटा काढला की दुसऱ्या बाजूने लगेच परतफेड. निशाण्यावर विहीणबाईंचा तोरा, आणि त्याही काही गप्प बसणाऱ्यातल्या नव्हेत. स्टेजवर अडकलेल्या नवरा-नवरीला मात्र उलट उत्तर देता येत नाही. फरक इथेच आहे.

तेव्हा जुन्या मैत्रिणीचे किस्से बाद. त्याने हॉस्टेलच्या मागे पोपटी लावली आणि ओरडायला आलेल्या वॉचमनलाच पंगतीला बसवलं, तो किस्सा फायनल. पोपटी म्हटल्यावर आजीही कान टवकारतील.

माझ्यानंतर माईक त्याच्या धाकट्या बहिणीकडे. तिला परतफेडीची पूर्ण मुभा आहे.