गित्रीच्या कॅमेऱ्यापुढचे कलावंत

ऑक्टोबर 1914. महायुद्ध पेटून दोनच महिने झाले होते, आणि जर्मनीतल्या 93 नामवंतांनी एक जाहीरनामा काढला. बेल्जियममधल्या अत्याचारांचे आरोप खोटे आहेत, आमचं सैन्य आणि आमची संस्कृती वेगळी काढता येणार नाही, असा त्याचा सूर होता. सह्या करणाऱ्यांत माक्स प्लांक होते, क्ष-किरणांचे जनक रॉन्टगेनही होते. फ्रान्समध्ये संताप उसळला. पॅरिसचा नाटककार साशा गित्री याने उत्तर द्यायला कॅमेरा हाती घेतला. आपल्याकडे कोण माणसं आहेत, हे त्याला पडद्यावर दाखवायचं होतं. चित्रपटाचं नावही त्याने तसंच ठेवलं: ‘सो द शे नू’, म्हणजे ‘आपल्याकडची माणसं’.

वडील लुसियाँ गित्री हे रंगभूमीवरचे बडे नट, त्यामुळे साशाला मोठमोठ्या घरांची दारं उघडी होती. जिव्हर्नीच्या बागेत क्लोद मोने भल्यामोठ्या छत्रीखाली, सिगारेट ओढत, तळ्याकडे बघत कॅनव्हासवर रंग लावताना दिसतात. लेखक आनातोल फ्रान्स आणि एदमों रोस्ताँ, संगीतकार सँ-साँस हेही येतात. 1915 मध्येच पाय कापावा लागलेल्या अभिनेत्री सारा बर्नार बसूनच बोलतात. रोदँ छिन्नी-हातोडा घेऊन संगमरवर फोडतात. खरं तर ते मातीत घडवणारे शिल्पकार. दगडाचं बरंचसं काम त्यांचे सहायक करत. म्हणजे या दृश्यात थोडा देखावा आहेच. तरी रोदँच्या अंगातला जोर त्यातून पोचतो.

चित्रकार रेन्वारचं दृश्य मात्र कितीही वेळा पाहावं. संधिवाताने बोटं पार आखडलेली, हातांना पट्ट्या. शेजारी चौदा वर्षांचा धाकटा मुलगा क्लोद उभा. तो ब्रश वडिलांच्या बोटांत बसवून देतो आणि मग तो हात झपाझप चालू लागतो. थोरले दोन्ही मुलगे, पिएर आणि झाँ, युद्धात जखमी झालेले. पुढे ‘ला ग्राँद इल्युझियाँ’ काढणारा दिग्दर्शक झाँ रेन्वार तो हाच.

चित्रकार दगांनी चित्रीकरणाला साफ नकार दिला. दृष्टी जवळजवळ गेलेली, वय ऐंशीच्या पुढे. गित्रीने मग रस्त्यातच कॅमेरा लावला आणि पांढऱ्या दाढीचे दगा चालत जाताना टिपले. काही सेकंदांचाच तुकडा. नको म्हणणाऱ्या म्हाताऱ्या माणसाला असं टिपणं योग्य नव्हतंच. पण दोन वर्षांत दगा गेले, आणि आज चित्रफितीवर त्यांना पाहायचं तर याच तुकड्याकडे यावं लागतं.

22 नोव्हेंबर 1915 रोजी पॅरिसच्या तेआत्र दे व्हारिएते या नाट्यगृहात हा जेमतेम 22 मिनिटांचा चित्रपट दाखवला गेला. चित्रं मुकी, म्हणून गित्री स्वतः प्रेक्षकांशी बोलत राहिला: हे कोण, काय म्हणाले, कसे वागले. त्याचं मोठेपण इथेच आहे. नुसती चित्रं दाखवून तो थांबला नाही, ओळखीच्या माणसाने सांगावं तसं त्याने सांगितलं. 1936 साली त्याने ‘ल रोमाँ दं त्रिशर’ हा कथापट जवळजवळ पूर्णपणे निवेदनाच्याच बळावर उभा केला. 1952 मध्ये दूरचित्रवाणीसाठी जुन्या चित्रणाला त्याने पुन्हा आवाज दिला. तोवर मोने जाऊनही पाव शतक उलटलं होतं.

पुढच्या पिढीने कॅमेऱ्यालाच बोलतं केलं. 1948 मध्ये आलँ रेने याने व्हॅन गॉगचं आयुष्य फक्त त्याच्या चित्रांतून सांगितलं, तेही कृष्णधवल. आणि 1956 मध्ये आँरी-झॉर्झ क्लूझोने ‘ल मिस्तेर पिकासो’ काढला. कागदाच्या आरपार उतरणारी शाई वापरून पिकासो चित्र काढी आणि कॅमेरा मागच्या बाजूने ते टिपी, त्यामुळे हात न दिसता रेघ आपोआप उमटत जाते. छायालेखक होता क्लोद रेन्वार. तो पिएरचा मुलगा, म्हणजे चित्रकार रेन्वारचा नातू.