ईव्हन्स, योरिस

ईव्हन्स, योरिस : (१८ नोव्हेंबर १८९८–२८ जून १९८९). प्रख्यात डच अनुबोधपट-दिग्दर्शक. संपूर्ण नाव जॉर्ज हेन्री अँटन ईव्हन्स. जन्म नेदर्लंड्समधील नायमेखन येथे. आजोबा छायाचित्रकार, तर वडील छायाचित्रण-साहित्याचे व्यापारी होते. रॉटरडॅम येथे अर्थशास्त्राचे व बर्लिन येथे छायाचित्रण-तंत्राचे शिक्षण घेतल्यावर तो वडिलांच्या पेढीची ॲम्स्टरडॅम शाखा पाहू लागला. १९२७ मध्ये तेथे स्थापन झालेल्या ‘फिल्मलिगा’ या संस्थेमुळे त्याचा यूरोपातील प्रायोगिक चित्रपटांशी निकटचा परिचय झाला.

दे ब्रुख (१९२८, अर्थ : पूल) या पहिल्या महत्त्वाच्या अनुबोधपटात त्याने रॉटरडॅमच्या उचलत्या रेल्वे-पुलाच्या हालचाली टिपल्या. मान्नुस फ्रांकेनसह केलेल्या रेखन (१९२९, अर्थ : पाऊस) या सुमारे बारा मिनिटांच्या चित्रपटात ॲम्स्टरडॅमवर कोसळणारी एकच सर दिसते, प्रत्यक्षात ती अनेक महिन्यांतील निरनिराळ्या सरींच्या दृश्यांतून जुळविलेली आहे. चित्रपटातील सत्य हे केवळ टिपायचे नसून रचायचेही असते, ही त्याची धारणा येथेच दिसून येते. पुढे तिनेच त्याला यश दिले आणि वादातही ओढले.

जागतिक मंदीच्या काळात तो साम्यवादी विचारसरणीकडे वळला. न्यू अर्थ (१९३३) मध्ये झाउडर झीच्या समुद्रातून जमीन मिळविणाऱ्या कामगारांचे श्रम दाखविल्यानंतर, भाव टिकावेत म्हणून धान्याचा नाश केला जात असल्याचे विदारक दृश्य त्याने शेवटी जोडले. बेल्जियममधील खाण-कामगारांच्या संपानंतरच्या हलाखीवरील बोरिनाज (१९३३) हा अनुबोधपट त्याने आंरी स्टॉर्कसह केला. त्यात घडून गेलेले काही प्रसंग कामगारांकडूनच पुन्हा घडवून चित्रित केले होते.

स्पेनमधील यादवी युद्धावरील द स्पॅनिश अर्थ (१९३७) ही त्याची विशेष गाजलेली कृती. आघाडीवरील लढाई आणि माळरानाला पाणी देण्याची एका खेड्याची धडपड ही दोन सूत्रे त्यात एकत्र गुंफली आहेत. त्याचे निवेदन अर्नेस्ट हेमिंग्वेने लिहिले व वाचले. संकलन हेलन व्हान डाँगेनचे होते. जपानी आक्रमणाशी झुंजणाऱ्या चीनवर त्याने द फोर हंड्रेड मिलियन (१९३९) निर्मिला, तर अमेरिकन शासनासाठी पॉवर अँड द लँड (१९४०) हा ग्रामीण विद्युतीकरणावरील प्रसन्न अनुबोधपट केला.

१९४४ मध्ये डच सरकारने त्याला ईस्ट इंडीजचा चित्रपट-आयुक्त नेमले. परंतु इंडोनेशियाचे स्वातंत्र्य नाकारण्याचे डच धोरण न पटल्याने नोव्हेंबर १९४५ मध्ये त्याने राजीनामा दिला. त्यानंतर सिडनी बंदरात डच जहाजांवर पुकारलेल्या बहिष्काराचे चित्रण त्याने इंडोनेशिया कॉलिंग (१९४६) मध्ये केले. ऑस्ट्रेलियन गोदी-कामगारांच्या बरोबरीने त्यात भारतीय खलाशीही सहभागी होते. या कृतीमुळे मायदेशाशी त्याचे संबंध दीर्घकाळ दुरावले आणि त्याला अल्प मुदतीचेच पारपत्र मिळू लागले.

नंतरची काही वर्षे तो पूर्व यूरोपात होता. साँग ऑफ द रिव्हर्स (१९५४) मध्ये गंगेसह सहा महानद्यांच्या काठच्या श्रमिकांचे दर्शन घडते. त्याला शस्टकॉव्हिचचे संगीत व ब्रेक्टची गीते लाभली. फ्रान्समध्ये केलेल्या सीन नदीवरील लघुपटाला १९५८ मध्ये कान महोत्सवाचे पारितोषिक मिळाले. व्हिएटनामवरील सेव्हन्टीन्थ पॅरलल (१९६८) मध्ये त्याने बाँबवर्षावाखालील खेड्यांचे जीवन चित्रित केले. पत्नी मार्सेलिन लोरिदान हिच्यासह केलेली हाउ युकाँग मूव्हड् द मौंटन्स (१९७६) ही बारा चित्रपटांची मालिका चीनच्या सांस्कृतिक क्रांतीविषयी आहे. सामान्य चिनी माणसे तीत मोकळेपणाने बोलतात; मात्र त्या काळातील अत्याचार तीत जवळजवळ दिसत नाहीत, हा आक्षेप रास्त आहे.

१९८५ मध्ये डच सांस्कृतिक मंत्र्याने पॅरिसमध्ये त्याला पारितोषिक देऊन जुना दुरावा संपविला. वाऱ्याचे चित्रण करू पाहणाऱ्या दमेकरी वृद्ध दिग्दर्शकाची कथा सांगणारा अ टेल ऑफ द विंड (१९८८) हा त्याचा अखेरचा चित्रपट. त्यात त्याने स्वतःच ही भूमिका केली असून वास्तव व कल्पित यांची सरमिसळ उघडपणे केली आहे. पॅरिस येथे तो मरण पावला. काव्यात्म लघुपटापासून युद्धपटापर्यंत अनुबोधपटाचे बहुतेक प्रकार त्याने हाताळले. पक्ष घेतल्याने त्याच्या कृतींना धार आली, तशीच त्याची दृष्टी काही वेळा मर्यादितही झाली. इंडोनेशिया कॉलिंग आणि चीनवरील मालिका ही या एकाच वृत्तीची दोन टोके होत.