बायबलचें भाषांतर आणि कॅथलिक वाचक

धर्मग्रंथाचें भाषांतर हातीं घेणारा वाचक केवळ पुस्तक निवडीत नाहीं; कोणाच्या साक्षीवर विश्वास ठेवावयाचा, हेंही तो ठरवीत असतो. कॅथलिक वाचकाच्या बाबतींत हें विशेष खरें आहे. इंग्रजी बायबलच्या नानाविध प्रती समोर पाहून गोंधळलेला सद्गृहस्थ प्रथम दुकानदारास विचारतो व मागाहून धर्मगुरूस. आमच्या मतें त्यानें थोडें इतिहासासही विचारावें.

इ. स. 382 च्या सुमारास पोप दामासस यानें जेरोम या पंडितास लॅटिन शुभवर्तमानें शुद्ध करण्याचें काम सांगितलें. पुढें बेथलेहेम येथें राहून जेरोमनें जुना करार मूळ हिब्रूवरून लॅटिनमध्यें उतरविला. या श्रमाचें स्वागत कसें झालें, तें संत ऑगस्टीननें 403 च्या सुमारास त्यास लिहिलेल्या पत्रावरून कळतें. आफ्रिकेंतील ओएआ, म्हणजे आजचें त्रिपोली, येथील बिशपानें उपासनेंत योनाचें पुस्तक जेरोमच्या भाषांतरांतून वाचविलें. योनाच्या डोक्यावर सावली धरणाऱ्या वनस्पतीच्या नांवापाशीं लोक खवळले. पिढ्यान् पिढ्या कानांत बसलेला भोपळ्याचा वेल जाऊन तेथें आयव्हीचा वेल आला होता! लोक सोडून जातील या भीतीनें बिशपानें माघार घेतली. श्रद्धेचें एकही तत्त्व त्या वेलावर अवलंबून नव्हतें. परंतु ओळखीचा शब्द गेला कीं ग्रंथच गेला, असें ऐकणाऱ्यास वाटतें.

मौज अशी कीं, ज्या भाषांतरानें दंगा माजविला तेंच पुढें 'व्हल्गेट' या नांवानें परंपरा होऊन बसलें. 1546 सालीं ट्रेंटच्या धर्मपरिषदेनें तें प्रमाण ठरविलें, आणि तोबित, यहुदीत, मक्काबी इत्यादि सात पुस्तकें जुन्या करारांत कायम केलीं. या पुस्तकांविषयीं खुद्द जेरोमच साशंक होता! प्रॉटेस्टंट पंथीयांनीं तीं प्रमाण मानिलीं नाहींत. म्हणून त्यांच्या जुन्या करारांत 39 व कॅथलिकांच्या जुन्या करारांत 46 पुस्तकें आढळतात.

एलिझाबेथ राणीच्या अमदानींत स्वदेश सोडून फ्रान्समध्यें आश्रय घेतलेल्या इंग्रज कॅथलिकांनीं या व्हल्गेटवरून आपलें बायबल सिद्ध केलें. ग्रेगरी मार्टिनचा नवा करार 1582 सालीं र्‍हॅंस येथें निघाला. जुना करार द्रव्याभावीं अडून 1609-10 सालीं दुए येथें छापला गेला. मार्टिनची निष्ठा अक्षरश: होती. प्रभूच्या प्रार्थनेंतील भाकरीच्या एकाच ग्रीक विशेषणासाठीं जेरोमनें लूकच्या शुभवर्तमानांत 'रोजची' व मत्तयाच्या शुभवर्तमानांत 'द्रव्यातीत' अशा अर्थाचे शब्द ठेविले होते. मार्टिननेंही तो भेद जसाच्या तसा राखला. हें इंग्रजी पेलेना, म्हणून बिशप चॅलोनर यास 1749 ते 1752 या काळांत तें सुबोध करावें लागलें.

याच पिढींतील दुसरा एक इंग्रज कॅथलिक, फादर थॉमस स्टीफन्स, 1579 सालीं गोव्यास आला. त्यानें बायबलची कथा शब्दश: न उतरवितां मराठी ओवींत गाइली, त्याचें 'ख्रिस्तपुराण' 1616 सालीं रायतूर येथें छापलें गेलें. मार्टिननें शब्द सांभाळला, स्टीफन्सनें श्रोता सांभाळला. दोघांची निष्ठा एकच. मार्ग मात्र भिन्न.

1943 सालीं बाराव्या पायसनें मूळ भाषांवरून भाषांतरें करण्यास उत्तेजन दिलें. आणि 1966 सालीं, 1611 च्या प्रॉटेस्टंट बायबलच्या परंपरेंतील सुधारित इंग्रजी भाषांतराची कॅथलिक आवृत्ति निघाली. तींत देवदूताच्या मरियेस केलेल्या अभिवादनांतील 'कृपापूर्ण' हा जुना शब्द मुद्दाम परत आणिला होता. साडेतीनशें वर्षांचें वैर मिटलें, तरी कानाचा मान राखावाच लागला.

तेव्हां वाचकानें काय करावें? सर्व 73 पुस्तकें आहेत कीं नाहींत व धर्माधिकाऱ्यांची संमति छापली आहे कीं नाहीं, हें आधीं पाहावें. मग अभ्यासास शब्दनिष्ठ व घरांतील वाचनास सुबोध प्रत घ्यावी. एखादा ओळखीचा शब्द बदललेला दिसला, तर पुस्तक मिटण्यापूर्वीं ओएआच्या लोकांची आठवण करावी. ज्या शब्दासाठीं आपण आज भांडतों, तोही कोणे एके काळीं नवा होता, आणि त्यासाठींही कोणीतरी रागावलें होतें.