डिचोलीतील ताब्याचे वाद आणि तूर्त मनाई हुकूम

डिचोली महाल १७८१ साली पोर्तुगीज अंमलाखाली गेला. येथील कुळागरे, भातशेते व देवस्थानांच्या जमिनी मात्र त्याहून पुरातन. कसणारा एक, कागदोपत्री मालक दुसरा, हेच बहुतेक वादांचे मूळ. १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेने मालकीहून ताबा निराळा मानून त्यासही संरक्षण दिले होते. गोवामुक्तीनंतर, १९६६ साली, भारतीय दिवाणी प्रक्रिया संहिता गोमंतकात अमलात आली आणि तिच्या एकोणचाळिसाव्या आदेशातील तूर्त मनाई हुकूम भाटकार-कुळांच्या परिचयाचा झाला.

या हुकुमाने मालकी ठरत नाही. प्रथमदर्शनी हक्क कोणाचा, गैरसोय कोणाची अधिक आणि हानी भरून येण्याजोगी आहे काय, एवढेच न्यायाधीश पाहतो. परंतु पावसाळा निकालासाठी थांबत नाही! पेरणीच्या तोंडावर हुकूम ज्याच्या हाती, पीक बहुधा त्याचे. आणि पुढे तेच पीक ताब्याचा पुरावा म्हणून पुढे केले जाते. १९६४ च्या कूळ कायद्याने कूळ आहे की नाही हा प्रश्न मामलेदाराकडे सोपविला. १९७६ च्या पाचव्या दुरुस्तीने तर कुळास खरेदीदार मानले. तेव्हा जमीन प्रत्यक्ष कोण कसत होता, यावरच सारे येऊन ठेपले.