डिजिटल साक्षरता
संगणक, मोबाइल व इंटरनेटच्या साहाय्याने माहिती शोधण्याची, पारखण्याची आणि व्यवहार सुरक्षितपणे करण्याची क्षमता. भारतीय जनगणनेत सात वर्षे व त्यावरील वयाची, कोणतीही भाषा समजून वाचू-लिहू शकणारी व्यक्ती साक्षर गणली जाते. तंत्रज्ञानामुळे ही कसोटी अपुरी ठरू लागली. महाराष्ट्र ज्ञान महामंडळाच्या (स्थापना २००१) एमएस-सीआयटी अभ्यासक्रमाने राज्यात संगणकाचे प्राथमिक ज्ञान रुजवले. यूपीआय (२०१६) आल्यानंतर कोपरखैरण्यासारख्या उपनगरांत किरकोळ खरेदीही क्यूआर कोडवर होऊ लागली. आवाजी शोधामुळे अक्षरओळख नसलेल्यांनाही फोन वापरता येतो. उलट सुशिक्षितही ओटीपी सांगून फसतात. केंद्राच्या नवभारत साक्षरता कार्यक्रमात (२०२२–२७) डिजिटल साक्षरतेचा जीवनकौशल्यांत समावेश आहे.