पाणी, लोखंड आणि उसाचं खत

'पाण्यावर चालणारी गाडी' दर दोन-तीन वर्षांनी इनबॉक्सात येतेच. मंडळी, एकदाच हिशोब मांडून टाकू. पाणी म्हणजे जळून गेलेला हायड्रोजन, म्हणजे आधीच झालेली राख. राखेतून पुन्हा लाकूड करायचं तर जळताना जेवढी ऊर्जा निघाली, त्याहून जास्त ओतावी लागते. १ किलो हायड्रोजनसाठी कागदावर ९ लिटर पाणी पुरतं, पण वीज लागते ५० युनिटच्या आसपास. तोच हायड्रोजन फ्युएल सेलमध्ये घातला तर परत मिळतात जेमतेम १७ ते २० युनिट. म्हणजे पाणी हे इंधन नव्हेच, खरं इंधन म्हणजे वीज.

पण माणसाने पाणी फोडलं ते विजेच्या आधी, आणि तेही लोखंडाने. १७८४ च्या सुमारास पॅरिसमध्ये लाव्होझिए आणि म्यूनिए यांनी लालबुंद तापलेल्या बंदुकीच्या नळीतून पाण्याची वाफ सोडली. लोखंडाने ऑक्सिजन धरून ठेवला आणि दुसऱ्या टोकाने हायड्रोजन बाहेर आला. पाणी हे मूलद्रव्य नाही, हे त्यातून ठसलं. दहा वर्षांत ही युक्ती युद्धावर गेली. हायड्रोजन काढायची सोपी रीत म्हणजे लोखंडावर गंधकाम्ल टाकणं. पण फ्रान्सला गंधक बंदुकीच्या दारूसाठी हवं होतं. मग भट्टीत लोखंडी नळ्या तापवून, त्यात वाफ सोडून बलून भरला गेला आणि २६ जून १७९४ ला फ्लरूसच्या लढाईत तो शत्रूवर नजर ठेवायला वर गेला.

आता ही प्रक्रिया कोल्हापुरात आजही रोज घडते, फक्त कुणाला ती नको असते. शिरोली किंवा गोकुळ शिरगावच्या एखाद्या फौंड्रीवाल्याला विचारा. वाळूच्या साच्यात ओल जास्त झाली की १३००-१४०० अंशांचा लोखंडाचा रस त्या पाण्याला फोडतो, हायड्रोजन रसात शिरतो, आणि कास्टिंग थंड झाल्यावर आत बारीक भोकं राहतात. त्याला म्हणतात पिनहोल. अख्खा लॉट रिजेक्ट! लाव्होझिएला ज्याचा आनंद झाला, त्यालाच आपले फौंड्रीवाले शिव्या घालतात :)

विजेची गोष्ट सुरू झाली १८०० मध्ये. व्होल्टाच्या बॅटरीची बातमी इंग्लंडात पोचली आणि काही आठवड्यांतच निकल्सन आणि कार्लाइल यांनी तारा पाण्यात बुडवून दोन्ही वायू वेगळे केले. पण या वायूला मोठं गिऱ्हाईक मिळालं ते १९१३ नंतर. हायड्रोजन आणि हवेतला नायट्रोजन मिळून अमोनिया, आणि अमोनियापासून खत. नॉर्वेने धबधब्याची वीज यासाठी वापरली. आणि आपणही. १९६१ मध्ये पंजाबात नांगलला भाक्रा-नांगलच्या विजेवर पाणी फोडून खत करणारा कारखाना सुरू झाला. त्याच हायड्रोजनमधून १९६२ पासून देशातलं पहिलं जड पाणी निघू लागलं. ज्याला आज 'ग्रीन हायड्रोजन' म्हणतात, ते आपण साठ वर्षांपूर्वी करत होतो, नाव तेवढं नव्हतं.

मग बंद का पडलं? केमिस्ट्रीत काही चूक नव्हती. विजेला दुसरी गिऱ्हाईकं आली: शेतीपंप, कारखाने, घरं. १९७८ मध्ये नांगलला इंधन तेलावरचा प्लँट आला, आणि २०१३ मध्ये तो नैसर्गिक वायूवर गेला. स्वस्त पडलं, पण वायूपासून १ किलो हायड्रोजन काढताना ९-१० किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो.

हे कोल्हापूरच्या मापाने मोजून बघू. युरियाच्या ४५ किलोच्या एका पोत्यामागे साधारण साडेचार किलो हायड्रोजन लागतो. पाण्यापासून काढला तर सव्वादोनशे युनिट वीज. शाहू महाराजांनी सुरू केलेल्या राधानगरी धरणाच्या वीजघराची मूळ क्षमता ४.८ मेगावॉट. ते चोवीस तास पूर्ण ताकदीने चाललं असं धरलं तर १ लाख १५ हजार युनिट. म्हणजे सुमारे ५०० पोती. सुरू उसाला एकरी १०० किलो नत्र म्हणजे जवळपास पाच पोती. थोडक्यात, दिवसभर धरण चालवून शंभर एकर उसाचं खत! आणि यात नायट्रोजन वेगळा करणं, दाब देणं वगैरेची वीज धरलेलीच नाही. जिल्ह्यात ऊस आहे लाखाहून जास्त हेक्टरवर.

जानेवारी २०२३ मध्ये केंद्राने नॅशनल ग्रीन हायड्रोजन मिशनला १९,७४४ कोटी मंजूर केले. २०३० पर्यंत वर्षाला ५० लाख टनांचं लक्ष्य आहे. त्याआधी ऑगस्ट २०२२ मध्ये पुण्यात केपीआयटी आणि सीएसआयआरची हायड्रोजन बस दिसली. बसचे फोटो छान येतात, पण बसला बॅटरीचा पर्याय आहे. खताला तसा पर्याय नाही, अमोनियाला हायड्रोजन लागणारच. तेव्हा महागडी हिरवी वीज आधी कुठे घालायची, याचं उत्तर माझ्या मते शेताच्या बाजूचं आहे. फक्त नांगल विसरू नका. ज्या दिवशी त्याच विजेसाठी उसाचा पंप आणि खताचा कारखाना एकमेकांसमोर उभे राहतील, त्या दिवशी पंपच जिंकेल. त्यामुळे खतासाठी वेगळी, नवी वीज उभारणार असू तरच या योजनेला अर्थ आहे.